बंदूक, भाजीपाला आणि बोलपट : ओसा जॉन्सन

शूर स्त्रियांची गोष्ट निघाली की आपल्याला राजघराण्यांतील स्त्रिया आठवतात. पण साध्या घरातील एका मुलीने जंगलात संसार थाटला आणि ते जंगल पडद्यावर आणून साऱ्या जगाला दाखवले. तिचे नाव ओसा जॉन्सन. आपल्याकडे हे नाव फारसे कोणाला ठाऊक नाही, म्हणून मैत्रिणींसाठी तिची हकीकत देते.

ओसाचा जन्म 14 मार्च 1894 रोजी अमेरिकेतील कॅन्सस प्रांतात, चनूट या लहान गावी झाला. वडील रेल्वेत कामाला होते. सोळाव्या वर्षी, 1910 साली, तिने मार्टिन जॉन्सन या तरुणाशी घरच्यांना न विचारता लग्न केले. मार्टिन हा जॅक लंडन या लेखकाच्या जहाजावर स्वयंपाकी म्हणून दक्षिण समुद्रात हिंडून आलेला होता. त्या प्रवासाची चित्रे दाखवत दोघे गावोगाव फिरू लागले. ओसा रंगमंचावर गाणी म्हणे. अशी पै पै साठवून 1917 साली ती दोघे पॅसिफिक महासागरातील मालेकुला बेटावर गेली. तेथील नागापाटे नावाच्या सरदाराने त्यांना अडवून धरले आणि ती मोठ्या मुश्किलीने सुटली. दुसरी कोणी असती तर पुन्हा त्या वाटेला गेली नसती. ही दोघे मात्र 1919 साली परत गेली आणि तेथील लोकांना त्यांचीच चित्रे पडद्यावर दाखवली!

पुढे बोर्निओ, मग आफ्रिका. केनियातील मार्साबिट डोंगरावर एका तळ्याकाठी 1924 ते 1927 अशी जवळजवळ चार वर्षे त्यांनी मुक्काम केला. ओसाने तेथे भाजीपाला लावला, मासे धरले, नोकरमाणसांचे जेवणखाण पाहिले. आणि मार्टिन चित्र घेत असताना जनावर अंगावर आले, तर बंदूक धरून शेजारी उभी राहायची तीच! त्याचे सारे लक्ष यंत्रात असे, आणि त्याचा जीव तिच्या नेमावर. पडद्यावरही ती दिसे, म्हणून प्रेक्षक तिला नटी म्हणून ओळखत. पण पडद्यामागे तिने केलेल्या कामाची मोजदाद कोणी केली? घरातल्या बाईच्या कामाचे असेच होते, हे आपणा सर्वांना माहीत आहे.

'सिंबा' (1928), 'काँगोरिला' (1932) आणि 'बबूना' (1935) हे त्यांचे गाजलेले चित्रपट. 'बबूना'साठी दोघेही विमान चालवायला शिकली. एका विमानावर झेब्र्यासारखे पट्टे आणि दुसऱ्यावर जिराफासारखे ठिपके रंगवून त्यांनी आफ्रिकेवरून उड्डाण केले. या चित्रपटांत तेथील लोकांची थट्टा केलेली आहे, शिकारही पुष्कळ आहे. आज ते पाहताना मनाला खटकते, हेही सांगितले पाहिजे.

जानेवारी 1937 मध्ये कॅलिफोर्नियात त्यांचे प्रवासी विमान कोसळले. मार्टिन गेला. ओसाही जबर जखमी झाली. सत्तावीस वर्षांची साथ एका दिवसात सुटली. त्रेचाळिशीही न गाठलेली ही बाई अंथरूण धरून बसली नाही. ठरलेली व्याख्याने तिने चाकांच्या खुर्चीत बसून दिली, आणि त्याच वर्षी एका चित्रपटाच्या कामासाठी ती पुन्हा आफ्रिकेत गेली. 1940 साली आलेले तिचे आत्मचरित्र अमेरिकेत घरोघरी वाचले गेले. 7 जानेवारी 1953 रोजी न्यूयॉर्क येथे तिचे निधन झाले. पुढे 1961 साली तिच्या जन्मगावी दोघांच्या नावाने संग्रहालय उघडले.

पतीच्या खांद्याला खांदा लावून ती उभी राहिली हे तर खरेच. पण खांदा निघून गेल्यावरही ती उभी राहिली, हे मला त्याहून मोठे वाटते. आपल्या मंडळातही अशा भगिनी आहेत. त्यांची नावे कोणत्या चित्रपटात येत नाहीत एवढेच.