पडद्याबाहेरचा ऑलिम्पिकवीर

कोल्हापूर ही जशी कुस्तीची पंढरी, तशीच मराठी चित्रपटसृष्टीची मायभूमी. या नगरीच्या मातीत घडलेले मल्ल खाशाबा दादासाहेब जाधव यांनी ज्या दोन ऑलिम्पिक स्पर्धा गाजवल्या, त्या दोन्हींवर माहितीपट निघाले. लंडनच्या 1948 च्या स्पर्धेवर ‘द ग्लोरी ऑफ स्पोर्ट’ हा रंगीत चित्रपट तयार झाला, तर हेलसिंकीच्या 1952 च्या स्पर्धेचेही चित्रीकरण झाले. मात्र कॅमेरे सज्ज असलेल्या त्या मैदानापर्यंत पोहोचण्यासाठी खाशाबांना द्यावी लागलेली झुंज पडद्याबाहेरचीच राहिली.

15 जानेवारी 1926 रोजी कऱ्हाडजवळच्या गोळेश्वर येथे त्यांचा जन्म झाला. कुस्तीचे बाळकडू पैलवान वडिलांकडून मिळाले. कोल्हापूरच्या राजाराम महाविद्यालयात शिकत असताना त्यांची निवड लंडनसाठी झाली. प्रवासखर्चाचा भार कोल्हापूरच्या महाराजांनी उचलला. लाल मातीत वाढलेल्या या मल्लाला मॅटची सवय नव्हती. तरीही फ्लायवेट गटात त्यांनी सहावा क्रमांक पटकावला.

चार वर्षांनी पुन्हा पैशांचा प्रश्न उभा राहिला. लोकवर्गणी अपुरी पडली, तेव्हा प्राचार्य खर्डेकर यांनी आपले राहते घर गहाण ठेवून सात हजार रुपये उभे केले. विद्यार्थ्यावरील विश्वासाचे असे उदाहरण विरळाच.

हेलसिंकीत बँटमवेट गटात खाशाबांनी कॅनडा, मेक्सिको व जर्मनीच्या मल्लांना नमवले. जपानच्या शोहाची इशी यांच्याशी दीर्घ लढत देऊन ते पराभूत झाले. लगेचच सोव्हिएत मल्लाशी कुस्ती लावण्यात आली. विश्रांतीचा हक्क मागण्यास भारतीय अधिकारी तेथे नव्हता, असे सांगितले जाते. तरीही कांस्यपदक हाती आले. स्वतंत्र भारताचे ते पहिले वैयक्तिक ऑलिम्पिक पदक ठरले.

मायदेशी शंभराहून अधिक बैलगाड्यांची मिरवणूक निघाली. पण मिरवणुकीनंतर खाशाबांना ओढ होती ती ऋणमुक्तीची. कुस्त्यांची मैदाने भरवून त्यांनी प्राचार्यांचे पैसे फेडले. पुढे 1955 मध्ये ते पोलीस दलात उपनिरीक्षक झाले. 1982 च्या दिल्ली आशियाई स्पर्धेत मशाल दौडीचा मान त्यांना लाभला. 14 ऑगस्ट 1984 रोजी अपघाती निधनाने ही झुंज थांबली. अर्जुन पुरस्कार मिळाला, तोही मरणोत्तर.

दुसऱ्या वैयक्तिक पदकासाठी देशाला 1996 पर्यंत वाट पाहावी लागली. जुने ऑलिम्पिकपट आज नव्याने झळाळून रसिकांसमोर आले आहेत. गहाण पडलेल्या त्या घराची कहाणी मात्र करवीरवासीयांनीच जपायची आहे.