राजाविना राज्य आणि विवेकाची कसोटी : ऑलिव्हर क्रॉमवेलची जीवनकथा

दर वर्षी २६ जानेवारीला जळगाव, भुसावळ, धुळे, नंदुरबार येथील शाळांच्या पटांगणांत तिरंगा फडकतो. राष्ट्रगीत होते, मुलांना खाऊ वाटला जातो आणि आपण सारे घरी परततो. प्रजासत्ताक हा शब्द आता आपल्या इतका अंगवळणी पडला आहे की, तो मिळवण्यासाठी जगाने काय काय भोगले याचा आपल्याला विसर पडतो. ज्या इंग्रजांनी १८१८ नंतर खानदेशावर राज्य केले, त्यांच्याच देशात एके काळी अकरा वर्षे राजा नव्हता. १६४९ ते १६६० या काळात इंग्लंड राजाविना चालले. त्या प्रयोगाचा मुख्य पुरुष होता ऑलिव्हर क्रॉमवेल. आम्हां कॅथोलिकांच्या इतिहासात त्याचे नाव वेदनेशी जोडलेले आहे. तरीही, किंबहुना म्हणूनच, त्याचे जीवन आपण शांतपणे पाहावे असे आम्हांस वाटते.

शेतकरी गृहस्थ ते सेनानी

क्रॉमवेलचा जन्म २५ एप्रिल १५९९ रोजी इंग्लंडमधील हंटिंग्डन या गावी झाला. घराणे खानदानी, पण त्याच्या वडिलांच्या वाट्याला संपत्ती बेताचीच आली होती. १६१६ साली तो केंब्रिजच्या सिडनी ससेक्स महाविद्यालयात दाखल झाला. परंतु पुढच्याच वर्षी वडील वारले आणि शिक्षण सोडून त्याला घरी परतावे लागले. १६२० साली एलिझाबेथ बुर्चिअर हिच्याशी त्याचा विवाह झाला. या दांपत्यास नऊ मुले झाली. १६३१ साली हंटिंग्डनमधील मालमत्ता विकून त्याने सेंट आइव्हज येथे खंडाने जमीन घेतली व शेती आणि गुरे सांभाळली. पुढे मामाच्या वारशाने ईली येथील मिळकत हाती आली, तेव्हा कुठे घडी पुन्हा बसली. याच कष्टाच्या वर्षांत त्याच्या मनात मोठे आध्यात्मिक परिवर्तन झाले. तो कट्टर प्युरिटन बनला. परमेश्वराने आपल्याला निवडले आहे आणि प्रत्येक घटनेत त्याचाच हात आहे, ही त्याची श्रद्धा अखेरपर्यंत ढळली नाही.

त्या वेळी इंग्लंडच्या गादीवर पहिला चार्ल्स होता. राजसत्ता थेट देवाकडून मिळते, तिला प्रजेचा जाब नाही, असे तो मानी. १६२९ ते १६४० अशी अकरा वर्षे त्याने संसद बोलावलीच नाही आणि मनास येईल तसे कर बसवले. अखेर स्कॉटलंडशी युद्धाचा प्रसंग येऊन पैसा संपला, तेव्हा १६४० साली त्याला संसद बोलवावी लागली. केंब्रिजचा प्रतिनिधी म्हणून क्रॉमवेल तेथे होता. राजा आणि संसद यांच्यातील वाद मिटेना आणि १६४२ साली यादवी युद्ध पेटले.

चाळिशी उलटलेल्या क्रॉमवेलला लष्कराचा अनुभव मुळीच नव्हता. पण घोडदळ उभारताना त्याने कुळापेक्षा निष्ठेला आणि शिस्तीला महत्त्व दिले. १६४४ साली मार्स्टन मूर आणि १४ जून १६४५ रोजी नेझबी येथील लढायांत राजाच्या फौजेचा पाडाव झाला. संसदेच्या नव्या सेनेत सामान्य घरचे लोक पराक्रमाच्या बळावर अधिकारी होऊ लागले. इंग्लंडने असे पूर्वी फारसे पाहिले नव्हते.

पटनीच्या चर्चमधील प्रश्न

युद्ध जिंकले, आता राज्य कोणाचे? १६४७ च्या ऑक्टोबरात लंडनजवळील पटनी गावच्या चर्चमध्ये सेनेचे अधिकारी आणि साधे शिपाई एकत्र बसले. लेव्हलर्स म्हणून ओळखल्या जाणाऱ्या समतावाद्यांचा आग्रह होता की, ज्याला कायदा पाळावा लागतो त्या गरिबालाही प्रतिनिधी निवडण्याचा हक्क हवा. क्रॉमवेल आणि त्याचा जावई आयर्टन यांना हे पटले नाही. ज्यांच्याकडे मालमत्ता नाही त्यांच्या हाती मत दिले तर देशाची घडी विस्कटेल, अशी त्यांची भीती होती. चर्चा निष्फळ ठरली. रक्त सांडण्यास शिपाई चालत होता. मत देण्यास मात्र तो अपात्र ठरला.

दरम्यान चार्ल्सने स्कॉटलंडशी गुप्त करार करून दुसरे युद्ध ओढवून घेतले. तेही त्याने गमावले. ६ डिसेंबर १६४८ रोजी सेनेने संसदेच्या दारातच तडजोडवादी सदस्यांना अडवले. उरलेल्यांनी राजावर खटला उभा केला. त्याच्या मृत्युदंडाच्या आज्ञापत्रावर ५९ सह्या झाल्या. तिसरी सही क्रॉमवेलची होती. ३० जानेवारी १६४९ रोजी व्हाइटहॉल येथे भर चौकात राजाचा शिरच्छेद झाला. मार्चमध्ये राजपद आणि उमरावांचे सभागृह रद्द करण्यात आले आणि १९ मे रोजी इंग्लंड हे राजाविना चालणारे राष्ट्र असल्याचे जाहीर झाले. त्याच महिन्यात बर्फर्ड येथे बंड करणाऱ्या लेव्हलर शिपायांपैकी तिघांना गोळ्या घालण्यात आल्या. नव्या राज्याची सुरुवातच अशी झाली.

आयर्लंडची जखम

आता आम्ही त्या पानाकडे येतो, जे उलटताना आजही आयरिश माणसाचा हात थबकतो. १६४१ साली आयर्लंडमध्ये उठाव झाला होता. त्यात अनेक प्रोटेस्टंट वसाहतवाले मारले गेले. इंग्लंडमध्ये मृतांचे आकडे फुगवून सांगितले गेले आणि सूडाची भावना धगधगत राहिली. ऑगस्ट १६४९ मध्ये क्रॉमवेल सैन्यासह तेथे उतरला. ११ सप्टेंबर रोजी त्याने ड्रॉहेडा शहर घेतले. सुमारे साडेतीन हजार माणसे तेथे मारली गेली. त्यांत बहुतेक शिबंदीतील सैनिक होते. नागरिक किती होते यावर इतिहासकारांचा वाद आहे. मात्र हाती लागलेल्या कॅथोलिक धर्मगुरूंना जीवदान मिळाले नाही, यावर वाद नाही. सेंट पीटर चर्चच्या मनोऱ्यात आश्रय घेतलेल्यांना आग लावून जाळण्यात आले. पुढील महिन्यात वेक्सफर्ड येथेही मोठी कत्तल झाली. हा देवाचा न्याय आहे, अशीच क्रॉमवेलची समजूत होती.

तलवारीनंतर कायदा आला. १६५२ च्या कायद्याने कॅथोलिकांच्या जमिनी जप्त झाल्या आणि अनेकांना पश्चिमेकडील निकस प्रदेशात जाण्यास सांगण्यात आले. हजारो लोक कॅरिबियन बेटांवर मजुरीसाठी पाठवले गेले. मिस्सा साजरी करण्यास बंदी झाली. १६४१ साली आयर्लंडमधील निम्म्याहून अधिक जमीन कॅथोलिकांकडे होती. १६८८ साली ती चौथ्या हिश्श्याहूनही कमी उरली.

मुकुट नाकारला, सत्ता नाही

डनबार आणि वुस्टर येथील विजयांनंतर क्रॉमवेलसमोर उभा राहील असा शत्रू उरला नाही. २० एप्रिल १६५३ रोजी तो शिपाई घेऊन संसदेत शिरला आणि सदस्यांना बाहेर काढून त्याने दाराला कुलूप लावले. ज्या संसदेसाठी युद्ध झाले, तिचीच ही गत झाली. त्याच वर्षी १६ डिसेंबरला लिखित राज्यघटना करून तो लॉर्ड प्रोटेक्टर म्हणजे राष्ट्राचा संरक्षक बनला. त्या घटनेने ख्रिस्ती लोकांना उपासनेचे स्वातंत्र्य दिले, पण कॅथोलिकांना त्यातून वगळले. त्यांना मतदानाचा अधिकारही ठेवला नाही.

या अपवादाचा अर्थ २८ जून १६५४ रोजी लंडनच्या टायबर्न येथे दिसला. संत जॉन साउथवर्थ या वृद्ध धर्मगुरूंना त्या दिवशी फाशी देण्यात आले. १६३६ च्या प्लेगच्या साथीत त्यांनी वेस्टमिन्स्टरच्या गरीब वस्तीत रोग्यांची सेवा केली होती. त्यांचा गुन्हा एकच, ते धर्मगुरू होते आणि तसे नाकारण्यास तयार नव्हते. १९७० साली पोप सहावे पॉल यांनी त्यांना संतपद बहाल केले.

न्यायबुद्धीने हेही सांगितले पाहिजे की, क्रॉमवेल लोभी नव्हता. साडेतीनशेहून अधिक वर्षे हद्दपार असलेल्या यहुदी लोकांना त्याच्या काळात इंग्लंडमध्ये पुन्हा राहता आले. १६५७ साली संसदेने देऊ केलेला मुकुट त्याने नाकारला. पण मुकुट नाकारणे वेगळे आणि सत्तेला लगाम घालून घेणे वेगळे. १६५५ पासून त्याने देश जिल्हेवार लष्करी अधिकाऱ्यांच्या हाती दिला होता आणि आपल्या मनासारखी न वागणारी प्रत्येक संसद तो बरखास्त करीत गेला.

या कथेचा एक धागा आपल्या मुलखापर्यंत येतो. त्या काळी खानदेश मोगलांचा सुभा होता आणि सुरतेहून बऱ्हाणपूरला जाणारा व्यापारी मार्ग नवापूर-नंदुरबारवरून जाई. सुरतेच्या इंग्रज वखारीचा माल याच भागातून येई. त्या ईस्ट इंडिया कंपनीला १६५७ साली क्रॉमवेलने नवी सनद दिली आणि तिचे भांडवल कायमस्वरूपी झाले. पुढे १६७४ च्या सुमारास आपल्या धरणगावात इंग्रजांची वखार निघाली. योगायोग असा की, १६५८ च्या मार्चमध्ये औरंगजेब बऱ्हाणपुराहून आपल्या भावांविरुद्ध गादीच्या युद्धासाठी निघाला आणि त्याच वर्षी इंग्लंडमध्ये क्रॉमवेलनंतर कोण, हा प्रश्न उभा राहिला. दोन्हीकडे उत्तर सैन्याकडेच होते.

दोन ऑलिव्हर

३ सप्टेंबर १६५८ रोजी क्रॉमवेल मरण पावला. महिनाभरापूर्वीच त्याची लाडकी कन्या एलिझाबेथ वारली होती आणि त्या दुःखाने तो खचला होता. राजाप्रमाणेच त्याच्याही मागे मुलगा रिचर्ड सत्तेवर आला, परंतु वर्षभरही टिकला नाही. मे १६६० मध्ये दुसरा चार्ल्स परतला. प्रयोग संपला. ३० जानेवारी १६६१ रोजी क्रॉमवेलचे प्रेत उकरून टायबर्नला लटकवण्यात आले आणि त्याचे शिर वेस्टमिन्स्टर येथे खांबावर टोचून ठेवले गेले. अनेक हातांतून फिरलेले ते शिर १९६० साली त्याच्या जुन्या महाविद्यालयात पुरण्यात आले.

राजा परतला म्हणून छळ थांबला असे मात्र नाही. १६८१ साली आर्माचे आर्चबिशप संत ऑलिव्हर प्लंकेट यांना खोट्या आरोपांवरून त्याच टायबर्नला मृत्युदंड झाला. त्यांचे शिर आज ड्रॉहेडा येथील सेंट पीटर या कॅथोलिक चर्चमध्ये आदराने जतन केलेले आहे. ज्या शहराला एका ऑलिव्हरने रक्तात बुडवले, ते दुसऱ्या ऑलिव्हरपुढे आज गुडघे टेकते.

फैजपूरचे उत्तर

क्रॉमवेलच्या जीवनातून आम्ही एकच गोष्ट घेतो. राजा काढून टाकल्याने प्रजासत्ताक होत नाही. ज्याची आपल्याला सर्वांत अधिक भीती वाटते, त्याच्या विवेकालाही जेथे जागा असते आणि राज्यकर्ता जेथे कायद्याखाली राहतो, तेथेच ते होते. स्वतःच्या विवेकासाठी क्रॉमवेलने राजाशी युद्ध केले. दुसऱ्याचा विवेक मात्र त्याला सोसवला नाही.

पटनीला जो प्रश्न अनुत्तरित राहिला, त्याचे उत्तर देणाऱ्यांत आपला खानदेशही आहे. डिसेंबर १९३६ मध्ये जळगाव जिल्ह्यातील फैजपूर येथे पंडित जवाहरलाल नेहरूंच्या अध्यक्षतेखाली काँग्रेसचे खेड्यात भरलेले पहिले अधिवेशन झाले. प्रौढ मताधिकाराने निवडलेल्या घटनासमितीची मागणी तेथे करण्यात आली. पुढे घटनासमिती प्रत्यक्षात आली, तेव्हा तिच्यात जेरोम डिसूझा हे जेझुइट धर्मगुरू सदस्य होते. एका देशात धर्मगुरू असणे हाच गुन्हा ठरला होता. तीन शतकांनंतर दुसऱ्या देशात एक धर्मगुरू घटना घडवणाऱ्यांत बसला. त्या घटनेचे २५ वे कलम सर्व व्यक्तींना सदसद्विवेकाचे स्वातंत्र्य देते. हिंदू, मुसलमान, ख्रिस्ती, आदिवासी, कोणालाही त्यातून वगळलेले नाही.

आम्ही खानदेशातील ख्रिस्ती संख्येने थोडे आहोत. म्हणून हे कलम आम्हांस प्रिय असणे स्वाभाविक आहे. पण ते आपल्या शेजाऱ्यासाठीही तितकेच प्रिय वाटले पाहिजे, कारण कसोटी नेमकी तेथेच आहे. झेंडावंदनानंतर मुलांना खाऊ देताना एवढी एक गोष्ट त्यांना सांगता आली, तर क्रॉमवेलची ही कथा वाचल्याचे सार्थक होईल.