विश्लेषण : चकचकीत चिनी पोर्कला हद्दपार कवीचे नाव कसे मिळाले?

गडद तपकिरी, आरशासारखी चकाकी असलेले ‘दोंगपो पोर्क’ ज्यांच्या नावाने ओळखले जाते, ते सू शी (१०३७-११०१) सोंग राजवटीतील नामवंत कवी, सुलेखनकार आणि सनदी अधिकारी होते.

हद्दपारी कशामुळे?
सिचुआनमधील मेइशानचे सू शी १०५७ मध्ये, ऐन विशीत, दरबाराची सर्वोच्च परीक्षा उत्तीर्ण झाले. पुढे त्यांनी मंत्री वांग आन्शी यांच्या आर्थिक सुधारणांना विरोध केला. कवितांतून दरबाराची निंदा केल्याचा ठपका ठेवून १०७९ मध्ये त्यांना अटक झाली. चार महिने डोक्यावर मृत्युदंडाची टांगती तलवार होती. जीव वाचला, पण रवानगी यांगत्सेकाठच्या हुआंगझोऊला झाली. हुद्दा नावापुरता, अधिकार शून्य.

मग स्वयंपाक कुठून आला?
पैशांच्या चणचणीतून! महिन्याच्या ४,५०० नाण्यांचे ३० वाटे करून ते आढ्याला टांगत. रोज सकाळी काठीने एक वाटा काढायचा आणि काठी लपवून ठेवायची. गावाच्या पूर्वेचा पडीक उतार त्यांनी कसायला घेतला. पूर्वेचा उतार म्हणजे ‘दोंगपो’. तेच त्यांचे टोपणनाव झाले.

तिथे डुकराचे मांस मातीमोल होते. श्रीमंत त्याला तोंड लावत नसत, गरिबांना ते नीट शिजवता येत नसे. सू यांनी त्याची कृती पद्यातच लिहिली : पाणी बेताचे, आच मंद, घाई अजिबात नाही. त्यात सोया सॉस किंवा साखरेचा उल्लेखही नाही.

चकाकी कशी येते?
मंद आचेवर कातडीतील आणि हाडांलगतचे चिवट कोलॅजन विरघळून त्याचे जिलेटिन होते. आज घरोघरी त्यात सोया सॉस, साखर आणि शाओशिंग वाइन पडते. रस आटला की तो मांसावर चिकट, चमकदार थर धरतो. बरगड्यांनाही हेच लागू. आच वाढवली, तर रस आटतो आणि मांस चिवटच राहते.

पुढे काय झाले?
१०८९ मध्ये ते हांगझोऊचे प्रमुख झाले. तेथील पश्चिम सरोवराचा गाळ काढून त्यांनी बांध घातला. त्या मजुरांना त्यांनी हेच पोर्क खाऊ घातल्याची दंतकथा आहे. १०९४ मध्ये पुन्हा हद्दपारी : आधी हुइझोऊ, मग थेट हैनान बेट. माफीनंतर परतताना ११०१ मध्ये चांगझोऊला त्यांचे निधन झाले.

हुइझोऊच्या बाजारात रोज एकच मेंढी कापली जाई. अधिकाऱ्यांशी स्पर्धा नको म्हणून सू कण्याची हाडे तेवढी मागून घेत. ती उकडून, मद्यात भिजवून, मीठ लावून भाजत आणि सांध्यांतले मांस दिवसभर कोरून खात. ही युक्ती त्यांनी धाकट्या भावाला पत्रातून कळवली. ती सर्वांनी उचलली तर कुत्री नाराज होतील, असा शेराही त्यात होता.