लक्ष्मीबाई टिळक : आईच्या दृष्टीतून संसार

मराठी वाङ्मयाच्या इतिहासात १९३४ आणि १९३५ ही दोन वर्षे कौटुंबिक जीवनाच्या चित्रणाच्या दृष्टीने विशेष महत्त्वाची मानावी लागतील. १९३४ साली लक्ष्मीबाई टिळक यांच्या ‘स्मृतिचित्रे’चा पहिला भाग ग्रंथरूपाने प्रसिद्ध झाला आणि १९३५ साली साने गुरुजींची ‘श्यामची आई’ वाचकांच्या हाती आली. बालपण, मातृत्व आणि घर हे दोन्ही ग्रंथांचे विषय आहेत. तथापि त्यांच्यातील भेद मूलगामी आहे. ‘श्यामची आई’मध्ये पुत्र आईचे स्मरण करतो, साहजिकच आई तेथे संस्काराचे आणि त्यागाचे मूर्तिमंत रूप होऊन येते. ‘स्मृतिचित्रे’मध्ये आई स्वतःच बोलते. आपल्या भीतीविषयी, रागाविषयी, हट्टाविषयी आणि फजितीविषयी ती बोलते; स्वतःला देव्हाऱ्यात बसवून घेण्याची तिची तयारी नाही. हा स्वर तिला कोठून लाभला, याचा शोध घ्यावयाचा तर लक्ष्मीबाईंच्या जीवनक्रमाकडेच वळावे लागते.

लक्ष्मीबाईंचा जन्म १८६८ साली नाशिकजवळ गोदाकाठच्या जलालपूर या गावी गोखले घराण्यात झाला. माहेरचे त्यांचे नाव मनकर्णिका. घरात त्यांना मनू म्हणत. या घरावर त्यांच्या जन्मापूर्वीच एका दुर्घटनेची छाया पडली होती. १८५७च्या उठावानंतरच्या धरपकडीत त्यांच्या मातामहांना फाशी देण्यात आले. त्या आघातानंतर मनूच्या वडिलांच्या मनाने सोवळ्याचा असा काही ध्यास घेतला की, अवघे घर त्याखाली दबून गेले. बाजारातून आलेली वस्तू, मग ते मीठ का असेना, धुतल्याखेरीज घरात येत नसे. राजकीय उत्पाताचे पर्यवसान स्वयंपाकघरातील छळात कसे होते, याचे हे एक विलक्षण उदाहरण होय. या छळाचा भार मुख्यतः आईने वाहिला. मनूचे बालपण काही अंशी आप्तांच्या घरीही गेले. पित्याचे भय, आईचे मुकाट सोसणे आणि त्या दोहोंच्या फटीतून निसटणारा मुलांचा खोडकरपणा असे त्या बालपणाचे स्वरूप होते. पुढे हे सर्व लिहिताना लक्ष्मीबाईंनी वडिलांना खलपुरुष ठरविले नाही. त्यांच्या विक्षिप्तपणातील हास्यास्पदता आणि दुःख ही दोन्ही एकाच वेळी दाखविली. ही दृष्टी त्यांच्या लेखनाचा पाया ठरली.

वयाच्या अकराव्या वर्षी मनूचा विवाह नारायण वामन टिळक यांच्याशी झाला आणि ती लक्ष्मी झाली. टिळक (१८६१–१९१९) हे बुद्धिमान, संस्कृतज्ञ, कविवृत्तीचे आणि अत्यंत अस्थिर प्रकृतीचे गृहस्थ होते. मातेच्या अकाली मृत्यूनंतर त्यांनी घर सोडले होते आणि स्वबळावर विद्या संपादन केली होती. एका गावी, एका नोकरीत, एका विचारात स्थिर राहणे त्यांच्या स्वभावात नव्हते. घरातून निघून जावे, दिवसेंदिवस पत्ता लागू देऊ नये, हाती आलेला पैसा गरजूला देऊन टाकावा, किराण्यासाठी दिलेल्या पैशांतून भलतीच वस्तू आणावी, असा त्यांचा खाक्या होता. संतापी सासरे, कधी माहेर तर कधी आप्तांचा आश्रय आणि पतीचा हा लहरी स्वभाव यांतून लक्ष्मीबाईंचा संसार सुरू झाला. झालेल्या अपत्यांपैकी काही अल्पवयातच गेली. शाळेचे रूढ शिक्षण त्यांना मिळाले नव्हते; टिळकांनीच त्यांना शिकविण्याचा प्रयत्न केला. हे शिकणे-शिकविणे भांडणांसहित चालले, परंतु त्यातूनच त्यांना वाचनाची आणि पुढे पद्यरचनेची वाट सापडली.

नागपूरच्या वास्तव्यात टिळकांनी वैदिक वाङ्मयाच्या व्यासंगाबरोबरच ‘ऋषी’ या मासिकाचे संपादन केले. त्यानंतर ते राजनांदगाव संस्थानात गेले. या काळात त्यांच्या मनात धर्मविषयक मंथन सुरूच होते. जातिभेद न मानणारा आणि ईश्वराचे पितृत्व व मानवाचे बंधुत्व शिकविणारा धर्म ते शोधत होते. आगगाडीच्या प्रवासात भेटलेल्या एका ख्रिस्ती धर्मोपदेशकाने त्यांना बायबल वाचावयास दिले आणि त्या वाचनाने शोधाला दिशा मिळाली. १० फेब्रुवारी १८९५ रोजी मुंबई येथे त्यांनी बाप्तिस्मा घेतला. पत्नीला या निर्णयाची पूर्वकल्पना नव्हती.

धर्मांतराची चर्चा वाङ्मयेतिहासात बहुधा टिळकांच्या आध्यात्मिक प्रवासाच्या अंगाने होत आली आहे. लक्ष्मीबाईंच्या बाजूने पाहिले असता या घटनेचा अर्थ निराळा दिसतो. सव्वीस वर्षांची, लहानग्या दत्तूला पदराशी घेतलेली एक स्त्री एका दिवसात सधवाही राहिली नाही आणि विधवाही झाली नाही. पती जिवंत होता, पण त्याच्या घरी जाणे म्हणजे जातीला मुकणे होते. न जाणे म्हणजे मुलाला पित्यापासून तोडणे होते. तत्कालीन ब्राह्मण समाजात अशा स्त्रीसाठी कोणतेही निश्चित स्थान नव्हते. आप्तांनी त्यांना सांभाळले. त्यांपैकी काही काळ त्या पंढरपुरास राहिल्या. या वियोगात त्यांनी पद्यरचना केली. पतीशी पत्रव्यवहार चालू राहिला, कलह चालू राहिला आणि ओढही चालू राहिली. मुलाने कोणाजवळ वाढावे, हा प्रश्न या सर्वाच्या मुळाशी होता.

सुमारे चार-पाच वर्षांच्या ताटातुटीनंतर लक्ष्मीबाई पतीकडे आल्या. परंतु त्या आल्या त्या आपल्या अटींवर. अहमदनगर (आजचे अहिल्यानगर) येथे प्रारंभी त्यांनी आपले राहणे, आपली चूल आणि आपले सोवळे निराळे ठेवले. ख्रिस्ती पतीच्या सान्निध्यात राहून ब्राह्मणी आचार पाळणारी ही गृहिणी दोन्ही समाजांना चमत्कारिक वाटली असेल. पण कुटुंब सांधण्याचा याहून प्रामाणिक मार्ग त्यांना उपलब्ध नव्हता. टिळकांनीही धर्मांतरासाठी बळजबरी केली नाही, हे त्यांच्या बाजूने नमूद केले पाहिजे.

पालट झाला तो धर्मतत्त्वांच्या वादातून झाला नाही. जातिभेद देवाने केलेला नसून माणसाने केलेला आहे, हा विचार त्यांना एके दिवशी आपल्याच मनाशी उमगला आणि ज्या सोवळ्याने त्यांचे बालपण ग्रासले होते, ते त्यांनी स्वतःहून उतरविले. कोणाच्याही हातचे पाणी पिण्यास आता त्यांना अडचण राहिली नाही. ख्रिस्ती श्रद्धा त्यानंतर आली. १९०० साली त्यांनी बाप्तिस्मा घेतला. जलालपूरच्या घरात मीठ धुणाऱ्या हातांपासून सुरू झालेली ही कथा पाण्याच्या एका पेल्यापाशी येऊन पालटते. लक्ष्मीबाईंच्या चरित्रातील मोठी स्थित्यंतरे अशी चूल, पाणी आणि पंगत यांच्या ठिकाणीच घडलेली आहेत.

या स्थित्यंतरानंतर त्यांच्या मातृत्वाचा परीघ विस्तारला. अहमदनगर आणि राहुरी परिसरातील वास्तव्यात दुष्काळाने व साथीने निराधार झालेली मुले टिळकांच्या घरी येत राहिली. टिळक उदार मनाने मुले घरी आणीत. त्यांना जेवू घालणे, न्हाऊ घालणे, त्यांचे आजार काढणे हे काम लक्ष्मीबाईंचे असे. प्लेगच्या साथीत त्यांनी रुग्णांची शुश्रूषाही केली. औदार्याचा संकल्प एकाचा आणि त्याचा दैनंदिन भार दुसऱ्याचा, ही गृहव्यवस्थेतील विषमता त्यांच्या नजरेतून सुटली नाही. तक्रारीचा सूर न लावता, टिळकांची थट्टा करीत त्यांनी ती नोंदवून ठेवली आहे.

याच घराने मराठी कवितेला एक मोठा कवी सांभाळून दिला. १९०७ साली जळगाव येथे भरलेल्या कविसंमेलनात त्र्यंबक बापूजी ठोंबरे या किशोरवयीन कवीने रसिकांचे लक्ष वेधले आणि पुढे बालकवी या नावाने ओळखला जाणारा हा मुलगा टिळकांच्या घरी राहावयास आला. फुलामुलांचे कवी म्हणून ख्यात असलेल्या टिळकांचा काव्यविषयक सहवास त्याला लाभला, हे सर्वश्रुत आहे. परंतु त्याचा हळवेपणा, त्याचे रुसवे आणि त्याची भूक ही लक्ष्मीबाईंनी सांभाळली. निसर्गकवी म्हणून वाङ्मयेतिहासात स्थिरावलेले बालकवी ‘स्मृतिचित्रे’त घरातील एका मुलाच्या रूपात भेटतात. ५ मे १९१८ रोजी भादली येथे रेल्वे अपघातात त्यांचा मृत्यू झाला, तेव्हा या घराने आपले माणूस गमावले.

१९१७ साली टिळकांनी मिशनशी असलेला वेतनाचा संबंध सोडला, संन्यस्त वृत्ती स्वीकारली आणि ‘देवाचा दरबार’ ही धर्मसंस्थांच्या चौकटीबाहेरील बंधुमंडळाची कल्पना मांडली. पतीच्या आयुष्यातील आणखी एक त्याग पत्नीच्या आयुष्यातील आणखी एक विस्कळीत घडी ठरला. ९ मे १९१९ रोजी मुंबई येथे टिळकांचे निधन झाले. पन्नाशी ओलांडलेल्या लक्ष्मीबाईंना त्यानंतर उपजीविकेची स्वतंत्र व्यवस्था पाहावी लागली. मुंबईत मुलींच्या वसतिगृहाची देखरेख त्यांनी केली. काही काळ त्या कराचीसही राहिल्या. परक्या शहरात, परक्या भाषेच्या लोकांत घर थाटण्याची कला त्यांना एव्हाना अवगत झाली होती.

‘स्मृतिचित्रे’चा जन्म एका योगायोगातून झाला. पुत्र देवदत्त हे वडिलांच्या चरित्राची सामग्री जमवीत होते आणि त्यासाठी त्यांनी आईला आठवणी लिहून काढण्यास सांगितले. रमाबाई रानडे यांच्या ‘आमच्या आयुष्यातील काही आठवणी’ (१९१०) या ग्रंथाने अशा लेखनाचा एक आदर्श घालून दिलेला होता. तेथे पती केंद्रस्थानी आहे आणि पत्नी शिष्येच्या नम्रतेने त्याच्याभोवती उभी आहे. लक्ष्मीबाईंच्या लेखणीने ही मर्यादा पाळली नाही. टिळकांविषयी सांगता सांगता त्यांचे स्वतःचे बालपण, आईचे हाल, मुलांचे आजार, शेजारणी, प्रवास, फजिती हे सर्व आपापल्या हक्काने आत आले. चरित्राचे साधन म्हणून मागितलेला मजकूर आत्मचरित्र होऊन बसला. ‘संजीवनी’ साप्ताहिकातून हे लेखन प्रसिद्ध होऊ लागले, तेव्हा घरगुती बोलीचा तो ताजेपणा वाचकांना नवा होता. १९३४ ते १९३७ या काळात ‘स्मृतिचित्रे’चे चार भाग प्रसिद्ध झाले.

याच काळात त्यांनी आणखी एक अपुरे घर बांधून पुरे केले. टिळकांनी आरंभिलेले ‘ख्रिस्तायन’ हे महाकाव्य त्यांच्या मृत्यूमुळे सुमारे दहा अध्यायांवरच थांबले होते. लक्ष्मीबाईंनी चौसष्ट अध्याय रचून ते तडीस नेले. शाळेत न गेलेल्या स्त्रीने पतीच्या ओवीला आपली ओवी जोडावी, ही घटना एकीकडे पातिव्रत्याच्या जुन्या आदर्शात बसणारी आहे. परंतु ग्रंथाचा बहुतांश भाग तिचा आहे, ही वस्तुस्थिती त्या आदर्शाला पुरून उरते. ‘भरली घागर’ या संग्रहातून त्यांची स्फुट कविता उपलब्ध आहे.

२४ फेब्रुवारी १९३६ रोजी लक्ष्मीबाईंचे निधन झाले, तेव्हा ‘स्मृतिचित्रे’चा चौथा भाग अपुरा होता. तो देवदत्तांनी पूर्ण केला. ज्या मुलाच्या ताब्याविषयी १८९५ नंतरची वर्षे चिंतेत गेली, त्याच मुलाने आईच्या आठवणींना शेवट दिला. पुढे इंग्रजीत ‘स्मृतिचित्रे’चा प्रथम संक्षिप्त अनुवाद १९५० साली आला आणि शांता गोखले यांनी केलेला संपूर्ण अनुवाद २०१७ साली प्रसिद्ध झाला.

लक्ष्मीबाईंच्या जीवनाचे मर्म धर्मांतराच्या किंवा पतिनिष्ठेच्या एकाच सूत्रात पकडता येत नाही. त्यांच्यावर वेळोवेळी आलेला प्रश्न एकच होता : मोडलेले घर पुन्हा कसे उभे करावयाचे, आणि त्यात कोणाकोणाला घ्यावयाचे? वडिलांच्या सोवळ्याने मोडलेले घर, पतीच्या श्रद्धेने मोडलेले घर, दुष्काळाने मोडलेल्या परक्यांची घरे आणि मृत्यूने अपुरे राहिलेले काव्य या सर्वांना त्यांनी एकाच वृत्तीने हात लावला. मराठी साहित्यात आईची प्रतिमा बहुधा मुलाच्या कृतज्ञतेतून घडत आली. त्या प्रतिमेत आईचे हसणे क्वचितच ऐकू येते. ‘स्मृतिचित्रे’त ते ऐकू येते. आई होणे म्हणजे चुका करणे, घाबरणे, रागावणे आणि तरीही चूल पेटती ठेवणे होय, हे लक्ष्मीबाईंनी स्वतःच्या आयुष्याच्या आधारे सांगितले. आदर्श मातेच्या चित्रापुढे अनेक पिढ्या नतमस्तक झाल्या आहेत. लक्ष्मीबाईंच्या शेजारी मात्र वाचकाला चुलीपाशी बसता येते.