विश्लेषण : जपमाळेचे ‘पंधरा शनिवार’ घरोघरी नेणारे संत बार्तोलो लोंगो कोण होते?

तरुणपणी चर्चची उघड टिंगल करणाऱ्या इटलीतील एका वकिलाला १९ ऑक्टोबर २०२५ रोजी पोप लिओ चौदावे यांनी संत घोषित केले. त्यांचे नाव बार्तोलो लोंगो. कॅथलिकांची जपमाळेची प्रार्थना, म्हणजेच रोझरी, दर आठवड्याच्या नेमात बसवण्यात त्यांचा मोठा वाटा होता.

श्रद्धेपासून दूर कसे गेले?

लोंगो यांचा जन्म १० फेब्रुवारी १८४१ रोजी दक्षिण इटलीतील लातियानो येथे झाला. कायदा शिकायला ते नेपल्सला गेले. इटलीच्या एकीकरणाचा तो काळ होता आणि विद्यापीठात पोपच्या सत्तेविरुद्ध वारे वाहत होते. लोंगो त्यात ओढले गेले. प्रेतात्म्यांना आवाहन करणाऱ्या मंडळांतही ते रमले. सैतानाचे पुरोहित ही त्यांची ओळख पुढे पसरली ती याच दिवसांमुळे. पण या नादात त्यांची प्रकृती खालावली आणि मनही ढासळले. प्राध्यापक व्हिन्चेन्झो पेपे या स्नेह्याने त्यांना सावरले आणि डॉमिनिकन धर्मगुरू आल्बेर्तो रादेंते यांनी पुन्हा चर्चच्या वाटेवर आणले.

पोम्पेईत काय घडले?

१८७२ मध्ये विधवा काउंटेस मारिआना दे फुस्को यांच्या जमिनींची व्यवस्था पाहण्यासाठी लोंगो पोम्पेईच्या खोऱ्यात आले. व्हेसुव्हियसच्या राखेत गाडल्या गेलेल्या प्राचीन नगराशेजारचा हा भाग गरीब होता. हिवताप आणि दरोडेखोरांनी लोक त्रस्त होते. लोंगो यांना मात्र स्वतःचाच भूतकाळ छळत होता. आपल्याला क्षमा मिळणारच नाही, या विचाराने ते आत्महत्येच्या उंबरठ्यावर पोहोचले. तेव्हा जपमाळेचा प्रसार करणारा तरून जातो, ही रादेंते यांची शिकवण त्यांना आठवली. हेच काम करायचे, असे त्यांनी ठरवले.

‘पंधरा शनिवार’ म्हणजे काय?

जपमाळेच्या एका टप्प्यात ‘आमच्या बापा’ ही प्रार्थना एकदा, ‘नमो मरिया’ दहादा आणि शेवटी त्रैक्याचा गौरव म्हणतात. प्रत्येक टप्प्याला येशू आणि मरिया यांच्या जीवनातील एका प्रसंगाचे, म्हणजे एका रहस्याचे, मनन होते. त्या काळी अशी १५ रहस्ये होती. म्हणून सलग १५ शनिवार, दर शनिवारी एक रहस्य, असा नेम होता. ही प्रथा जुनीच. लोंगो यांनी १८७७ मध्ये तिच्यावर पुस्तक लिहून ती दूरवर पोहोचवली. वाचता न येणाऱ्या शेतमजुरालाही मण्यांवर बोट ठेवून प्रार्थना करता येई, हे जपमाळेचे बळ होते.

मंदिर कसे उभे राहिले?

१३ नोव्हेंबर १८७५ रोजी जपमाळेच्या मातेचे एक जीर्ण चित्र शेणखताच्या गाडीतून पोम्पेईत आले. महिन्याला एक छोटे नाणे, अशी वर्गणी गोळा करून ८ मे १८७६ रोजी मंदिराची पायाभरणी झाली. १८९१ मध्ये ते विधिवत अर्पण झाले.

कैद्यांची मुले कशासाठी?

लोंगो प्रार्थनेवर थांबले नाहीत. १८८७ मध्ये त्यांनी अनाथ मुलींसाठी आश्रम काढला आणि १८९२ मध्ये कैद्यांच्या मुलांसाठी. गुन्हेगारी रक्तातूनच येते, असे तेव्हाचे नामवंत अभ्यासक चेझारे लोम्ब्रोझो सांगत होते. म्हणजे ही मुले जन्मतःच बाद ठरत. लोंगो यांनी त्यांना शाळा आणि छापखान्यासारखी हातची कामे दिली. स्वतःला क्षमा नाही असे मानून खचलेल्या माणसाने बापाच्या गुन्ह्याची शिक्षा मुलाला द्यायला नकार दिला.

वाद कोणते झाले?

लोंगो आणि काउंटेस यांच्या नात्यावरून कुजबुज वाढली. पोप लिओ तेरावे यांच्या सल्ल्यावरून १८८५ मध्ये दोघांनी विवाह केला. पुढे पैशांच्या व्यवहारावरूनही आरोप झाले. १९०६ मध्ये त्यांनी मंदिराची सारी मालमत्ता पोपच्या स्वाधीन केली. ५ ऑक्टोबर १९२६ रोजी लोंगो यांचे निधन झाले.

आज जपमाळेचा आठवडा कसा असतो?

२००२ मध्ये पोप जॉन पॉल दुसरे यांनी जपमाळेवरील पत्रात लोंगो यांचा आवर्जून उल्लेख केला आणि प्रकाशाची पाच रहस्ये जोडली. आता सोमवार व शनिवारी आनंदाची, मंगळवार व शुक्रवारी दुःखाची, बुधवार व रविवारी गौरवाची, तर गुरुवारी प्रकाशाची रहस्ये म्हणतात.