कै. दादासाहेब फाळके

मोठ्या कार्याचें बीज बहुधा लहानच असतें, आणि तें रुजतांना कोणाच्या दृष्टीस पडत नाहीं. दादासाहेब फाळके यांच्या चरित्रांत मात्र हें बीज खरोखरीचें होतें, आणि तें वाटाण्याचें होतें.

धुंडिराज गोविंद फाळके यांचा जन्म ३० एप्रिल १८७० रोजीं नाशिकजवळ त्र्यंबकेश्वर येथें झाला. मुंबईच्या जे. जे. कलाशाळेंत व पुढें बडोद्याच्या कलाभवनांत त्यांनीं चित्रकला, छायाचित्रण इत्यादि कला हस्तगत केल्या. चाळिशीच्या सुमारास मुंबईंत त्यांनीं प्रभु येशूच्या चरित्राचा मूकपट पाहिला, आणि आपल्या देशांतील राम व कृष्ण असेच पडद्यावर आणावे, हा ध्यास घेतला. ज्या प्रभूची कथा आम्ही वर्गांत सांगतों, तिनें एका परधर्मीय कलावंतास स्वजनांची कथा सांगण्याची प्रेरणा दिली, याचें आम्हांस मोठें कौतुक वाटतें.

परंतु या ध्यासाची किंमत जबर होती. डोळ्यांवर इतका ताण पडला कीं, कांहीं काळ त्यांची दृष्टि गेली. उपचारानें ती परत आली. विम्याची पॉलिसी गहाण ठेवून १९१२ सालीं ते लंडनला गेले, हेपवर्थ यांच्या चित्रशाळेंत काम पाहून आले. आतां भांडवल हवें होतें; पण नुसत्या शब्दावर पैसा कोण देणार? त्यांनीं कुंडींत वाटाणा पेरला, कॅमेरा त्यावर रोखला, आणि दिवसामागून दिवस त्याचीं चित्रें घेतलीं. फिल्म पडद्यावर धांवली, तेव्हां अनेक दिवसांची वाढ क्षणांत उलगडली. तें पाहून एका स्नेह्यानें कर्ज दिलें.

पुढें सारें घर राबलें. पत्नी सरस्वतीबाईंनीं दागिने दिले, फिल्मला भोकें पाडलीं, ती धुतली, आणि सर्व मंडळींचा स्वयंपाकही केला. पुत्र भालचंद्र रोहिदास झाला. स्त्रिया मिळेनात, म्हणून साळुंके नांवाच्या तरुणानें तारामतीचें काम केलें. ३ मे १९१३ रोजीं मुंबईच्या कॉरोनेशन चित्रगृहांत 'राजा हरिश्चंद्र' लोकांपुढें आला. पुढें 'लंकादहन' (१९१७) गाजला. 'कालियामर्दन' (१९१९) मध्यें कन्या मंदाकिनी बाळकृष्ण झाली. बोलपटांच्या युगांत मात्र ते मागें पडले. १९३७ चा 'गंगावतरण' हा त्यांचा अखेरचा चित्रपट. १६ फेब्रुवारी १९४४ रोजीं नाशिक येथें त्यांनीं देह ठेवला. त्यांच्या नांवाचा राष्ट्रीय पुरस्कार १९६९ पासून दिला जाऊं लागला. तो पाहण्यास ते नव्हते.

आज आपल्या घराघरांत मोबाइल आहे. बोटाच्या स्पर्शानें चित्र निघतें. मग आमच्या विद्यार्थ्यांनीं आपल्या लोणार सरोवराचें, एकाच जागेवरून, रोज ठरल्या वेळीं, वर्षभर एकेक चित्र घ्यावें. २०२० सालीं पाणी गुलाबी झालें, तेव्हां सर्वांनीं पाहिलें. रोजचा सूक्ष्म पालट मात्र रोज पाहणारासच दिसतो. आणि पालकहो, मुलाचा असा नाद दिसल्यास त्यास लगेच वेळेचा अपव्यय म्हणूं नका. कुंडींतल्या वाटाण्यावर विश्वास ठेवणारें घर होतें, म्हणूनच दादासाहेब घडले.