नंदगडचा वड

खानापूर तालुक्यातील नंदगडास एक वड आहे. त्याला नवसाचे लाकडी पाळणे टांगलेले मी पाहिले, आणि संगोळ्ळी रायण्णाचे चरित्र या वडापासून मागे मागे वाचत जावे असे मनाने घेतले. कित्तूरची राणी चन्नम्मा आपल्या घरांतून सर्वांना ठाऊक असते. तिचा हा धनगर शिपाई तितकासा ठाऊक नसतो. सूडाची हकीकत सरळ सांगितली की शेवटी फासाचा दोर तेवढा डोळ्यांपुढे राहतो. उलटी वाचली तर कारण हाती लागते.

तो दोर येथलाच. २६ जानेवारी १८३१ रोजी इंग्रजांनी रायण्णाला नंदगडात फाशी दिले. त्याला पुरले त्या जागी एका सोबत्याने हा वड लावला, असे लोक सांगतात.

त्याच्या नऊ महिने आधी, एप्रिल १८३० मध्ये, तो पकडला गेला. तोही लढाईत नव्हे. ओढ्यावर स्नान करीत असता आपल्याच माणसांनी दगा दिला, अशी या मुलखातील आठवण आहे.

त्याही आधी, १८३० च्या आरंभी, त्याने याच तालुक्यातील बिडीची सरकारी कचेरी जाळली. येथवर वाचणाऱ्यास तो नुसता सूडाने पेटलेला पुंड वाटावा. पण रायण्णा संगोळ्ळीचा शेतसनदी होता. गावची राखण करावी आणि त्याबद्दल मिळालेली जमीन कसावी, हा त्याच्या घरचा पिढीजात हक्क. कंपनी सरकारने त्यातली काही जमीन काढून घेतली व उरलेलीवर जबर सारा बसविला. ज्या कचेऱ्यांतून हे हुकूम सुटत, त्यांवर त्याचा राग होता.

आणखी मागे गेले की बैलहोंगल लागते. तेथे कैदेत असताना राणी फेब्रुवारी १८२९ मध्ये वारली. राणी गेली तरी तिच्या दत्तक नातवाला, शिवलिंगप्पाला, गादीवर बसवावे म्हणून रायण्णाने शस्त्र धरले. स्वतःची जमीन गेली होती, पण बंड त्याने धन्याच्या वारसासाठी केले. मला त्याचे मोठेपण येथे दिसते.

त्याच्या मागे डिसेंबर १८२४: कित्तूरचा पाडाव. त्याच्या मागे २३ ऑक्टोबर: धारवाडचा कलेक्टर थॅकरे कित्तूरच्या वेशीत मारला गेला, तो दिवस. आणि सर्वांच्या मुळाशी त्याच वर्षाचा सप्टेंबर. कित्तूरचा तरुण देसाई निपुत्रिक वारला. जाण्यापूर्वी त्याने शिवलिंगप्पाला दत्तक घेतले होते. थॅकरेने ते दत्तकविधान मानले नाही.

म्हणजे एवढ्या रक्तपाताचा आरंभ एका रिकाम्या पाळण्यापाशी होता. रायण्णा मोठा झाला तो त्या घरच्या चाकरीत, आणि मेला तो त्या घरच्या वारसासाठी. आज मूल व्हावे म्हणून बायाबापड्या त्याच्याच वडाला पाळणे बांधतात. त्यांना हा इतिहास कोणी शिकविला असेल असे मला वाटत नाही. पण नवस मात्र योग्य ठिकाणी बोलला जातो आहे.